बायनाआत्यानं पाहिलेला मुका सिनेमा

माझ्या आत्याचं, बायनाबाईचं, दुसऱ्या बाळंतपणात मूल गेलं आणि त्याच तापात तिचे कानही गेले. नवऱ्यानं, राधाकिशननं, तिला माहेरी आणून सोडलं. दोन वर्षांची सिंधू मात्र ठेवून घेतली आणि दुसरी बायको केली. आपला आवाज आपल्याला ऐकू येत नाही म्हणून आत्या फार मोठ्यानं बोलायची. लोक हसायला लागले, तसं तिनं बोलणंच टाकलं. अशी नऊ वर्षं गेली.

बहात्तरच्या दुष्काळात आम्ही दोघी खडी फोडायला जायचो. मी पंधरा वर्षांची होते. एका सुट्टीच्या दिवशी सोसायटीच्या चेअरमननं सुग्रीव नावाच्या खेळवाल्याला बोलावलं. सोसायटीचं गोदाम रिकामंच होतं. दारं लावली की भर दुपारी आत काळोख. सुग्रीवकडे हातानं फिरवायचं जुनं यंत्र आणि पंधरा-वीस मिनिटांचे मुके सिनेमे होते.

"आवाजच न्हाई बे! काय बघावं?" माणसं ओरडली आणि निम्मी उठून गेली.

आत्या हलली नाही. पडद्यावर सासू चहाडी करत होती. नवऱ्यानं बायकोला घराबाहेर काढलं. ती लोकांची धुणी धुऊन खंगली आणि शेवटी त्याच घराच्या दाराशी येऊन उभी राहिली. दार उघडलं. लेकरू धावत येऊन तिच्या पायांना बिलगलं.

"घेतली! घरात घेतली तिला!" आत्या केवढ्यांदा ओरडली. सगळं गोदाम हसलं. तिला त्याचं काहीच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ती कामावर गेली नाही. भाकरी बांधून घेतली, माझा हात धरला आणि राधाकिशनच्या गावाची, वडवणीची वाट धरली. आठ मैल चाललो.

राधाकिशन घरी नव्हता. त्याची बायको भिमाबाई दारात आली. तिनं ओळखलं असावं; बसायला घोंगडी टाकली. तेवढ्यात डोक्यावर घागर घेऊन सिंधू आली. आत्या उठून उभी राहिली.

"आई, ही बाई कोन हाय?" सिंधूनं भिमाबाईला विचारलं.

भिमाबाईनं तिच्या डोक्यावरची घागर उतरवून घेतली. आत्यानं माझ्याकडे वळून विचारलं, "काय म्हणली?"

मी ओंजळ तोंडाशी नेऊन दाखवली. म्हणजे, पोरगी पाणी पिता का म्हणते.

आत्या तांब्याभर पाणी प्याली. पोरीच्या डोक्याला हात लावला, तशी सिंधू मागं सरकली. आम्ही निघालो. वाटेत आत्यानं भाकरीचं फडकं सोडलं नाही, मलाही भाकरी मागता आली नाही.

पुढं गावात दूध सोसायटी निघाली. आत्या तिथं कॅन धुवायला लागली आणि वेगळी खोली करून राहिली. काही वर्षांनी सिंधूचं लग्न झालं. आम्हाला ते महिन्यानं कळलं. मी सोसायटीत जाऊन आत्याला खुणेनं सांगितलं. तिनं हातातला कॅन घासून पुरा केला, उपडा घातला.

"पोरगा कुठला?" तिनं विचारलं.

मलाही ठाऊक नव्हतं.