फ्लूच्या बातमीतले डॉक्टर

आमच्या शेजारच्या शरयूकाकूंचा नवरा जाऊन दोन वर्षं झाली, तरी तो अधूनमधून टीव्हीवर येतो.

डॉ. पुरुषोत्तम ठोंबरे आमच्या शुगर लँड गावाच्या आसपासच्या मेक्सिकन वस्त्यांमध्ये लसीची शिबिरं घ्यायचे. तिथे त्यांना सगळे ओळखायचे, पण मुलाखत म्हटली की ते पळून जायचे. मग एका स्पॅनिश वाहिनीने ते काम करत असतानाच त्यांचं शूटिंग करून ठेवलं. आता फ्लूची बातमी आली की तेच लावतात. डॉक्टर एका आजोबांची बाही वर करतात, काहीतरी बोलतात, हसतात. आवाज मात्र निवेदिकेचा. कोपऱ्यात 'आर्किव्हो', म्हणजे जुनं चित्रण.

काकूंना ते कुठेही भेटतात. टायरच्या दुकानात, दाताच्या दवाखान्यात.

"काय वाटतं हो तेव्हा?" मी एकदा विचारलं.

"काही नाही गं. टायर बदलून झाले का, ते बघते."

वल्लरीला, त्यांच्या मुलीला, ते सोसेना. ती दूर अल्फारेटा गावी असते. तिथे जिममध्ये धावता धावता समोर बाबा आले, आणि ती बाथरूममध्ये जाऊन रडली.

"आई, दे हॅव टू स्टॉप. तू फोन कर. तुझं ऐकतील."

काकूंनी फोन केला, स्पीकरवर. मी शेजारी बसून मटार सोलत होते. वाहिनीच्या संग्रहातली मारिसोल नावाची बाई बोलत होती, अगदी अदबीने.

"ठोंबरे... स्पेलिंग सांगता, मॅम?"

काकूंनी सांगितलं. टी फॉर टायगर. पुन्हा सांगितलं.

"या नावाचं कुणीच नाही. त्या शिबिराचं फुटेज आहे, पण त्यात डॉक्टर अहो आहेत. ए, एच, ओ. हे तुमचे मिस्टर नाहीत ना? असतील तर लगेच काढून टाकते."

माझे हात थांबले. शिबिरात काकू मदतीला असायच्या. दिवसभर 'अहो, कापूस', 'अहो, जेवून घ्या'. नवऱ्याला त्यांनी कधी नावाने हाक मारलीच नाही. कॅमेरेवाल्याने ऐकलं ते लिहून घेतलं असणार.

"मॅम? तेच का हे?"

"काकू," मी कुजबुजले, "हो म्हणा ना."

काकूंनी फोन जवळ ओढला. मग म्हणाल्या, "नो. दॅट इज नॉट माय हजबंड."

मारिसोलने सॉरी म्हणून फोन ठेवला.

"काकू, अहो, तुम्हाला तर काही वाटतच नाही ना त्यांना बघून?"

"नाही वाटत." त्यांनी माझ्यासमोरचे मटार ओढून घेतले. "रडू आलंच नाही मला, ते गेल्यापासून. येईल तेव्हा असायला हवेत ना ते कुठेतरी."

काकू शेंगा सोलत होत्या, दाणे सालींच्या भांड्यात टाकत होत्या. मी भांडी बदलली.

तेवढ्यात वल्लरीचा फोन आला. "काय झालं? फाउंड हिम?"

"नाही गं," काकू म्हणाल्या. "ठोंबरे म्हणून कुणीच नाही म्हणे त्यांच्याकडे."