धवला गायला की लग्न लागतं

नागूबाय कुणालाही भेटली की आधी विचारायची, "कुनाची तू?" वाशीतल्या माझ्या ऑफिसात पहिल्यांदा आली तेव्हा खुर्चीवर बसण्याआधीच तिने मला हा प्रश्न टाकला. मी वकील आहे, साताऱ्याकडची आहे, नेरुळला फ्लॅटमध्ये राहते, हे सगळं सांगून झालं. तिचं समाधान काही होईना.

"तुजा लगीन कोनी लावला?"

"आम्ही रजिस्टर केलं, आजी. सही करून."

"सई केली का गॅस मिलतंय," ती माझ्याकडे कीव करून बघत म्हणाली, "नवरा नाय मिलत."

नागूबाय शिरवण्याची धवलारीण. आगरी लग्नांत जी बाई धवले, म्हणजे लग्नाची गाणी गाऊन, देवांना आणि पितरांना आवतण देऊन लग्न लावते, ती धवलारीण. लुकडी, काळीसावळी, पंचाहत्तरीच्या पुढची बाई. नऊवारी घोट्याच्या वर खोचलेली, आणि आवाज असा की दाराबाहेर बसलेले माझे पक्षकार दचकायचे. एरवी सतत बोलणारी ही बाई धवल्याची एक ओळ मात्र मांडवाबाहेर कधी गुणगुणली नाही. मी एकदा सहज म्हटलं, "दोन ओळी ऐकवा ना." त्यावर तिने पदराने तोंड पुसलं आणि सरळ चहा मागितला.

तिला माझ्याकडे आणलं होतं सुलोचनाने. सगळं गाव तिला सुलू म्हणायचं. नवरा गजानन वारल्यावर वर्षाच्या आत धाकट्या दिराने दावा लावला, की ही माझ्या भावाची बायकोच नव्हे. लग्नाचा फोटो नाही, पत्रिका नाही, नोंदणी नाही, भटजी नव्हता, सप्तपदी झाली नाही; भावाने ठेवलेली बाई आहे, हिने घर रिकामं करावं. गावठाणातल्या त्या दोन खोल्यांत सुलूची तीस वर्षं गेली होती. पण तिला घरापेक्षा 'ठेवलेली' हा शब्द जास्त झोंबला होता. तो शब्द आला की ती खाली बघायची.

आता कायदा काय म्हणतो, तर दोघांपैकी एकाच्या समाजाची जी रीत असेल त्या रीतीने लागलेलं लग्न खरं. सप्तपदी रीतीत असेल तरच सातवं पाऊल लागतं. कलम मला पाठ होतं. पण रीत आहे असं नुसतं म्हणून भागत नाही, ती शाबीत करावी लागते, आणि माझ्याकडे पुरावा म्हणून होती सुलूचं लग्न लावणारी एकटी नागूबाय. मला धीर झाला नाही. साक्षीच्या आदल्या दिवशी मी तिला म्हटलं, "आजी, ते विचारतील सात पावलं झाली का. तुम्ही हो म्हणा. एवढ्याने काम होईल."

"सात पावलां? त्या मांडवान उबा रवाला जागा नव्हती, पावलां कय टाकतील?"

"तरी हो म्हणा."

ती चपला घालून निघाली. मी त्याला होकार समजले. हे लिहिताना आजही लाज वाटते.

दुसऱ्या दिवशी ती साक्षीच्या पिंजऱ्यात उभी राहिली. दिराचे वकील गोड बोलणारे गृहस्थ. त्यांनी हळूच विचारलं, "आजी, सप्तपदी झाली होती का?"

"नाय."

सुलूने माझी बाही धरली.

"भटजी?"

"नाय. मी व्हतू ना."

वकील हसले. मग मला दिसलं, दाराशी गजाननचे चुलते बसले होते. सात पावलं पडलीच नाहीत, हे शपथेवर सांगायला त्यांना आणलं होतं. नागूबाय 'हो' म्हणाली असती तर पुढच्या पाच मिनिटांत खोटी ठरली असती, आणि तिच्याबरोबर सुलूही. आम्हाला बुडवायला मीच निघाले होते.

"बरं, तुम्ही धवला गायलात म्हणता," वकील म्हणाले. "मग गाऊन दाखवा."

"नाय."

"येत नाही म्हणा की!"

कोर्टात कुजबुज झाली. न्यायाधीश मॅडमनी वर पाहिलं. "आजी, कोर्ट विचारतंय. का नाही गाणार?"

"बाय, मी धवला बोलले का लगीन लागतंय. हिता कोनाचा लावू? या वकिलाचा?"

लोक हसले. ती हसली नाही. पदर तिने तोंडाशी घट्ट धरला होता, आणि मला पहिल्यांदा कळलं की ही बाई घाबरलेली आहे. कोर्टाला नव्हे, भलत्या जागी धवला तोंडून निघेल याला. मॅडमनी पेन खाली ठेवलं. "आणि धवला नाही गायला तर?"

"हलद लावा, वाजंत्री आना, गाव जेवू घाला. धवला नाय त लगीन नाय."

"नेमकं कधी लागतं?"

"सासरच्या देवांची, पितरांची नावां घेतंय. मंग त्यांच्यान पोरीचा नाव घेतंय. ता घेतला का ती त्यांची झाली. मंग कोनाचा बाप आला तरी मोडत नाय."

मॅडमनी शब्दन् शब्द टंकलेखकाला सांगितला. वकिलांचा आवाज आता चढला होता. "शेकडो लग्नं लावलीत तुम्ही. हेच कसं आठवतं?"

नागूबायने मान वळवून दिराकडे पाहिलं. "मांडवाला उंबराची फांदी यानंच आनली व्हती. मी याला बोलले, हिरवी पाना बगून आन रं, वयनी येतंय तुजी. इचारा त्याला."

त्याला कुणी विचारलं नाही. तो बूट बघत बसला. चुलते केव्हा उठून गेले ते मला दिसलंच नाही.

चार महिन्यांनी निकाल लागला. तोवर नागूबायने अंथरूण धरलं होतं, आणि पुढच्या महिन्यात ती गेलीच. पण निकालाच्या दिवशी शुद्धीत होती. सुलूला घेऊन मी शिरवण्याला गेले आणि खाटेशी बसून वाचलं, "सुलोचना ही मयत गजानन यांची कायदेशीर पत्नी असल्याचे घोषित करण्यात येते."

वाटलं, आता शाबासकी मिळेल. नागूबायने डोळे उघडले.

"कदीपासना?"

"म्हणजे?"

"बायको कदीपासना? आजपासना?"

"नाही आजी, पहिल्यापासून. लग्न लागलं त्या दिवसापासून."

"मंग मदी तिला 'ठेवलेली' बोलले," तिने सुलूचा हात चाचपून धरला, "ता कोन पुसंल?"

मी निकालाची पानं उलटली. सुलू इतक्या तारखांत एकदाही रडली नव्हती, ती खाटेच्या कडेवर डोकं टेकून रडायला लागली.