मूकपटातला ‘रे’

मेलेला मुलगा घरी परततो आणि दार वाजवतो, ही जुनी गाजलेली भयकथा मी कॉलेजात असताना वाचली होती. तिची दहा मिनिटांची फिल्म करायची, आणि तीही जवळजवळ मुकी, हे खूळ पुढे कधीतरी माझ्या डोक्यात शिरलं. संवाद एकही नाही, फक्त दारावरची थाप. आईचं काम कोण करणार, तर माझी आईच. आचोळ्याच्या आमच्या फ्लॅटमध्ये फुकटात दुसरं कोण मिळणार होतं?

आईनं आधी साफ उडवून लावलं. असले अभद्र खेळ घरात नकोत, म्हणाली. तिचं बरोबर होतं. दोन वर्षांपूर्वी माझा दादा कळंबच्या समुद्रात पोहायला गेला, तो तिसऱ्या दिवशी राजोडीच्या वाळूत सापडला. मी मात्र हट्टाला पेटले. तुला मोकळं वाटेल, असं तिला सांगितलं. साफ खोटं. मला तिचा चेहरा हवा होता.

एका रविवारी भर दुपारी खिडक्यांना चादरी लावून रात्र केली. आईला खुर्चीत बसवून समजावलं, की थाप ऐकायची, घाबरायचं, दारापर्यंत जायचं, पण उघडायचं नाही. कॅमेरा सुरू केला आणि मी बाहेर जाऊन दार लोटून घेतलं.

थाप आपोआप तशी पडली, असं मी सगळ्यांना सांगत आलेय. तसं नाही, मी ठरवून गेले होते. दोन पटापट, जरा थांबून एक. दादा बेल सोडून तसंच दार वाजवायचा.

आतून पावलं वाजली नाहीत. रोजच्या आवाजात आई म्हणाली,

“दार लोटलेलंच आहे रे.”

मला ती ‘गं’ म्हणते.

आत जावं तर त्याच्या जागी मी दिसणार. जिन्यात उभी राहून मी स्वतःला शिव्या घातल्या आणि शेवटी दार ढकललं. आईनं आधी माझ्या मागे, पायऱ्यांकडे पाहिलं. मग माझ्याकडे.

मी कॅमेरा बंद केला, तिची माफी मागितली, फिल्म नकोच म्हणाले. ती खुर्चीतून उठली नाही.

“नीट झालं नाही,” ती म्हणाली. “परत वाजव.”

कॅमेरा बंद आहे, असं मी सांगितलं.

“असू दे.”

मी बाहेर गेले, दार लोटून घेतलं आणि वाजवलं.