कोंड्याचा ढीग

गंगाधरपंत मोघे यांना सरकारने पब्लिसिटी ऑफिसर केले ते लढाईच्या काळात. त्याआधी ते तळेगावात विम्याचे एजंट होते आणि त्यातही त्यांचे फारसे जमले नव्हते. इंग्रजी फर्डे, आवाज खणखणीत आणि साहेबापुढे वाकायची पाठीला सवय, एवढ्या भांडवलावर त्यांना खुर्ची मिळाली. त्याच कचेरीत हिशेब आणि टपाल मी पाहत असे, त्यामुळे त्यांची कामाची पद्धत मला जवळून माहीत आहे.

पद्धत सोपी होती. बातमी आधी, सभा नंतर. मंगळवारी अमुक गावात ‘प्रचंड उत्साहात’ सभा झाली, हे सोमवारीच लिहून पुण्याच्या गाडीने रवाना होई. सभेला चार म्हातारे आणि एक बैल आला तरी उत्साह प्रचंडच राही. एकदा वक्ताच आला नाही, तरी त्याचे भाषण छापून आले. यावर पंत हसत नसत. त्यांना ती व्यवस्था वाटे.

त्रेचाळीस सालच्या वैशाखात वरून हुकूम आला की मावळातील शेतकरी सरकारला खुशीने धान्य देत आहेत असा फोटो पाहिजे. पंतांनी नवलाख उंबरे हे गाव निवडले, कारण तिथवर मोटार जात होती. त्या दिवसांत घरात धान्य म्हणजे बियाण्याचे भात तेवढे उरलेले. शेणामातीने तोंड लिंपून ठेवलेली बियाण्याची कणगी मृग लागल्यावर नारळ फोडूनच उघडायची, आणि तीही घरच्या बाईने, असा तिथला रिवाज. पंतांनी पाटलांना सांगितले की फोटो निघाला की भात परत घरी न्या. पाटलांची भावजय बयाबाई नको म्हणत होती. तिचे कोणी ऐकले नाही.

भैरोबाच्या देवळापुढे बायकांनी आपापले भात वेगवेगळे ओतले. कोणाचे हळवे, लवकर पिकणारे. कोणाचे गरवे, उशिरा पिकणारे. पंतांना ते लहान लहान ढीग दरिद्री दिसले. त्यांनी शिपायाकडून सगळे ओढून एक मोठा ढीग करवला, त्यावर निशाण रोवले आणि शेजारी स्वतः उभे राहिले.

आता कोणाचे भात कोणते हे सांगता येईना. वाटणी कशी करायची यावर गावात बोलणी लांबली आणि ढीग देवळातच राहिला. तेवढ्यात फोटो छापून आला. खाली ओळ होती, ‘नवलाख उंबऱ्याचे सरकारला धान्यदान’. धान्यवसुलीचा अंमलदार ते कात्रण घेऊन लॉरीसह हजर झाला आणि दान उचलून घेऊन गेला.

बयाबाई दुसऱ्या दिवशी चालत तळेगावला कचेरीत आली. पंतांनी तिला बस म्हटले नाही.

“सायेब, त्ये बी हुतं,” ती म्हणाली. “मिरगाला पेरायला घरात दाना न्हाई. तुमी निस्तं दोन वळी ल्हून द्या, दान न्हाई, बी हाय म्हून. लारी अजून ठेसनातच हुबी हाय.”

“सरकारने छापलेलं सरकार खोडत नसतं, बाई.”

“छापल्यालं ऱ्हाऊ द्या की. त्ये खाऊन कुनाचं प्वाट भरतंय? आमचं भात तेवडं द्या.”

पंतांनी घंटी वाजवून शिपायाला बोलावले. माणूस निर्दय असता तर निदान काही तरी असता. त्यांना फक्त आपल्या बातमीची काळजी होती.

गावाने सुदुंबऱ्याच्या सोयऱ्यांकडून मिळेल तसले बी आणून उशिरा पेरले. निम्मी खाचरे पडून राहिली. पंतांनी त्यावरही बातमी दिली की गाव शास्त्रीय पद्धतीने जमिनीला विश्रांती देत आहे.

पुढच्या वैशाखात ते पुन्हा कॅमेरा घेऊन गेले. मी सोबत होतो. या वेळी कोणी कुरकुर केली नाही. देवळापुढे आधीच भला मोठा ढीग तयार होता. बयाबाई ओट्यावर बसून म्हणाली, “घ्या फोटू. औंदा लय दिलंय गावानं.”

पंत ढिगावर चढायला गेले तो पाय गुडघ्यापर्यंत आत गेला. सगळा भाताचा कोंडा. ओट्यावरच्या बायका पदराआड हसल्या. पंतांनी धोतर झटकले, ढिगाकडे डोळे बारीक करून पाहिले आणि फोटोग्राफरला म्हणाले, “फोटोत काय कळतंय? काढा.”

बातमी छापली गेली. लॉरी आली आणि रिकामी परत गेली. पंतांकडे खुलासा मागितला गेला तेव्हा, धान्य गोरगरिबांत आधीच वाटले गेले, असे त्यांनी लिहून दिले. त्या खुलाशाची भाषा वरच्यांना इतकी आवडली की त्यांना बढती मिळाली. सत्तेचाळीस साली राज्य बदलले. पंतांनी मजकुरातली साहेबांची नावे तेवढी बदलली.

हल्ली ते लोणावळ्याला बंगला बांधून राहतात. दिवाणखान्यात तो फोटो मोठा करून लावला आहे आणि आल्यागेल्याला ते मावळच्या दानशूरपणाची गोष्ट सांगतात. भिंतीवर आहे तो कोंड्याचा ढीग. खऱ्या भाताचा फोटो का नाही लावला, असे मी एकदा विचारले.

“तो ढीग लहान दिसतो हो,” पंत म्हणाले.