खिडकीतून आलेला डावा हात

भुताखेतांच्या गप्पा निघाल्या की उठून जाणारा माणूस मी. मूळचा सांगलीचा, शिकलो पशुवैद्यकी, असल्या गोष्टींना माझ्याकडे थारा नव्हता. तरी हे लिहितोय... हसायचं तर खुशाल हसा.

दोन हजार चार-पाच साल असेल. जयपूरला एका औषधांच्या लॅबमध्ये प्रयोगाची माकडं माझ्या ताब्यात होती. तिथे माकडांना नावं नसतात, छातीवर गोंदलेला नंबर असतो. सतरा नंबरची मादी माझी लाडकी. रक्त काढताना धरपकड नको म्हणून मी तिला एकटीलाच सवय लावली होती — गजांतून डावा हात बाहेर काढायचा, तळवा वर. आधी सुई, मग केळं. सुई टोचेपर्यंत ती केळ्याला शिवायची नाही.

प्रयोग संपला. सतरा नंबर ठणठणीत होती, तिला पुनर्वसनाला पाठवता आलं असतं. पण त्याच्या कागदपत्रांसाठी महिनाभर खेटे घालायचे, आणि माझी तर सांगलीची तिकिटं काढून झालेली. साहेब म्हणाले, "आप देख लीजिए, डॉक्टरसाब." मी 'पुनर्वसनास अयोग्य' लिहून सही ठोकली. शेवटचं इंजेक्शनही मीच दिलं. तिने नेहमीसारखा हात पुढे केला... केळं माझ्या खिशातच राहिलं. लाज वाटते सांगताना.

सुट्टीवरून परतलो. शेजारच्या भाभीजींचं बघून आमची ही मंगळवारी, तिकडे तो हनुमानाचा वार म्हणून, माकडांना केळी द्यायची. आम्ही राहायचो त्या बनी पार्कात माकडं म्हणजे हातातलं हिसकावून नेणारी जमात. त्या मंगळवारी सकाळी मी दाढी करत होतो, तर हिची हाक आली.

"अहो, इकडे या जरा. ही केळं घेतच नाहीये."

स्वयंपाकघराच्या खिडकीबाहेर एक माकडीण, पोटाशी पिल्लू. छातीवर नंबर नव्हता, मी नीट बघितलं. गजांतून डावा हात आत, तळवा वर.

"मतलब... भूक नसेल," मी म्हणालो.

"मग हात कशाला धरलाय? आणि तुमच्याकडेच काय बघतेय?"

मी केळं तळव्यावर ठेवलं. तिने ते पडू दिलं, हात कोपरापर्यंत आत सरकवला आणि थांबली. बऱ्याच वेळाने ती निघून गेली.

लॅबचं रजिस्टर तपासलं, एकही माकड कधी सुटलेलं नव्हतं. योगायोग म्हणा, काहीही म्हणा... पुढे मी ती नोकरी सोडली.

तिला हे कुणी शिकवलं, मला आजतागायत कळलेलं नाही. ही अजून अधूनमधून विचारते, "केळं का नसेल हो घेतलं तिने?" मी ठाऊक नाही म्हणतो. ती सुईची वाट बघत होती, हे तेवढं मी हिला सांगितलेलं नाही.