गोमाचा कान

गोमा काळू हिलम. जन्म अंदाजे १९०८, मुळशीच्या डोंगरातील एका वाडीवर. मृत्यू १४ फेब्रुवारी १९६६, त्याच वाडीवर. जन्मसालाचा कागद नाही, म्हणून ‘अंदाजे’ हा शब्द मी जाणीवपूर्वक ठेवला आहे.

गोमाला अक्षरओळख नव्हती. लहानपणापासून त्याने डोंगरातील कामांवर आलेल्या निरनिराळ्या साहेबांच्या तंबूंत पाणी भरले. १९५७ च्या मे महिन्यात घाटउतारावर मोठे लोखंडी नळ बसवण्याचे काम चालू होते. मी इंग्रजी घेऊन बी. ए. झालो होतो आणि त्या कामावर दुभाषी होतो. गोमा तेथेही पाणीच भरत असे.

कामावर तीन गोरे साहेब होते. तिघांचेही इंग्रजी मला एकच वाटे. गोमाला ते तीन गावांचे वाटे.

“मास्तर, दाढीवाला साहेब ‘र’ लई घोळवतोय,” तो एकदा म्हणाला. “उंच साहेब बकेटीला ‘बुकेट’ म्हनतोय. आन् ह्यो बुटका ‘वॉटर’मधला ‘ट’ घशातच गिळतोय. म्हनून त्याला तहान लई!”

मी हसलो आणि विसरलो.

एकवीस मेच्या सकाळी एक नळ दोरांनी उतारावरून खाली सोडला जात होता. वर आठ गडी दोर हळूहळू ढिला करत होते. खाली, नळ टेकवायच्या बैठकीशी, मंगळ्या नावाचा गडी ओणवा होऊन दगड सरकवत होता. तेवढ्यात बुटका साहेब ओरडला, “ओल्ड इट! ओल्ड इट!”

गड्यांनी माझ्याकडे पाहिले. मी विचारात पडलो. ‘ओल्ड’ म्हणजे जुने. काय जुने? दोर? तोवर दोर सुटतच होता.

“धरा!” गोमा घागर टाकून ओरडला. “दोर धरा, सोडू नगा!”

गड्यांनी टाचा रोवल्या. नळ मंगळ्याच्या पाठीपासून हातभर अंतरावर थांबला. मंगळ्या बाहेर आला, नळाकडे बघत राहिला आणि मग मातीतच बसला.

दुपारी मी गोमापाशी जाऊन विचारले, “तुला कसे कळले?”

“त्यो ‘ह’ खातोय, मास्तर. हॅटला ‘ॲट’, हॅमरला ‘ॲमर’. मग ‘ओल्ड’ म्हंजी होल्ड न्हाई तर काय?” तो पुढे म्हणाला, “आमी न्हाई का ‘कुठं’ला ‘कुटं’ म्हनत? तुमी ‘इथं’ म्हनता, आमी ‘हितं’. वारा त्योच. तुमी मागं सोडता, आमी म्होरं.”

मी तोंडापुढे तळहात धरला. ‘इथं’ म्हणालो, तेव्हा उच्छ्वास शेवटी लागला. ‘हितं’ म्हणालो, तेव्हा आरंभीच. चार वर्षे मी ज्या भाषेचे व्याकरण शिकलो होतो, तिच्यात आणि माझ्या स्वतःच्या भाषेत वारा कोठे सुटतो हे मी कधी तपासले नव्हते. तंबूंच्या दारात पाणी भरत उभ्या असलेल्या या माणसाने मात्र सारे ऐकून ठेवले होते. मी थक्क झालो, आणि आज सत्तरी उलटल्यावरही तितकाच थक्क आहे.

“दुभाषी तूच हो,” मी म्हणालो.

“आन् तुमी पानी भरनार?” तो म्हणाला. “घागर फुटली हाय बगा.”

कचेरीच्या अहवालात ‘दुभाष्याने वेळीच दिलेल्या इशाऱ्यामुळे अपघात टळला’ असे लिहिले गेले. मी दुरुस्तीचा अर्ज दिला. दोन महिन्यांनी स्मरणपत्र दिले. उत्तर आले नाही. दरम्यान बुटक्या साहेबाच्या तोंडी हुकुमाने गोमाला दोरावरच्या गड्यांचा मुकादम नेमण्यात आले आणि काम संपेपर्यंत तो त्या जागेवर होता. पुढे १९६६ साली गोमाच्या अंत्ययात्रेत मंगळ्या सर्वांत पुढे होता, हे मी स्वतः पाहिले. अहवालातील ते वाक्य मात्र अद्याप माझ्या नावावर आहे, आणि ते चुकीचे आहे.