ताईचा कट

घुम्याने पाच सिनेमे केले, पण एकाही निर्मात्याचे पाय धरले नाहीत. पोटासाठी लग्नसमारंभांचं शूटिंग, उरलेल्या वेळात स्वतःचा सिनेमा. नट परवडत नसत, म्हणून शेजारी, मेव्हणा आणि मुख्य म्हणजे थोरली बहीण. ताई शिवणकाम करायची, पण कॅमेऱ्यासमोर उभी राहिली की भलेभले तोंडात बोट घालायचे.

घुम्याची एक खोड होती. 'कट' म्हणायचा आणि कॅमेरा गुपचूप चालूच ठेवायचा. माणसं सैल पडत, घाम पुसत, मनातलं बोलत. नेमकं तेच तो सिनेमात घ्यायचा. समीक्षक म्हणत, काय खरी माणसं दाखवतो!

चौथ्या सिनेमाच्या संकलनात घुम्याच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. स्वयंपाकघरातलं दृश्य संपल्यावर ताई ओट्याला टेकून रडते, तेवढाच तुकडा गायब. मूळ फाइलही सापडेना. संकलक म्हणजे जुना मित्र, विचारलं तर म्हणाला, "असेल कुठेतरी." घुम्याला वाटलं, दुसऱ्या कुठल्या दिग्दर्शकाला विकला असणार. तो न सांगता संकलनाच्या खोलीत टपकू लागला. मित्र चहाला गेला की त्याचे खण उचकू लागला, फोन वाजला की कान टवकारू लागला. एकदा त्या फोनवर ताईचं नाव दिसलं.

तो तडक तिच्या घरी गेला. ती मशीनवर बसली होती.

"तुमच्या दोघांचा काय कट शिजतोय?"

"मीच पुसायला लावलं त्याला."

"अगं, अख्ख्या सिनेमात तेवढंच खरं होतं!"

"म्हणूनच. तू कट म्हणालास, मला वाटलं संपलं. मी माझ्या घरचं रडत होते रे, तुझ्या सिनेमातलं नाही. एकदा तरी विचारलंस, काय झालं म्हणून?"

घुम्या म्हणाला, "नक्की पुसलंय ना? की ठेवलंय त्याने?"

ताईने मशीन सुरू केलं.

सिनेमा त्या तुकड्याशिवायच लागला, लोकांना आवडलाही. घुम्याने मित्राची माफी मागितली. "झालं गेलं," तो म्हणाला, पण पुढचं काम घेतलं नाही.

पाचव्या सिनेमात ताई नव्हती. शेजारी आले, पण 'कट' ऐकूनही कुणी खांदे सैल सोडीना. कॅमेरा पेटीत जाईपर्यंत सगळे अभिनयच करत राहिले. 'कट'नंतरही कॅमेरा चालू असतो हे यांना कुणी सांगितलं, याचा शोध घुम्या अजून घेतोय.